खासबागेतलं थिएटर आणि ८ ऑगस्टची रात्र

आकुर्डी, निगडी, चिंचवड, कुठल्याही हॉस्टेलवर जा, एखादा तरी कोल्हापूरचा पोरगा भेटतोच. इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला असेल, नाहीतर चाकणच्या कंपनीत अप्रेंटिस. तांबड्या-पांढऱ्या रश्श्यावर तो तासभर बोलेल. पण त्याला एकदा ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्रीबद्दल विचारून बघा.

त्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. छतातून निघणाऱ्या ज्वाळांचे व्हिडिओ कदाचित तुमच्याही फोनवर आले असतील. स्टेज गेलं, छप्पर गेलं, खुर्च्या गेल्या. दुसऱ्या दिवशी, ९ ऑगस्टला, खुद्द केशवरावांची जयंती होती.

एक थिएटर जळालं म्हणून अख्खं गाव का हळहळतं, हे आपल्याला चटकन कळणार नाही. आपल्याकडे नाटक बघायचं तर चिंचवडचं रामकृष्ण मोरे प्रेक्षागृह, नाहीतर बस किंवा मेट्रो पकडून पुणं. पुण्यातलं बालगंधर्व रंगमंदिर सुरू झालं १९६८ मध्ये. कोल्हापूरचं हे थिएटर त्याच्याही ५३ वर्षं आधीचं.

ते बांधलं राजर्षी शाहू महाराजांनी. १९०२ मध्ये महाराज युरोपला गेले होते. रोममधलं जुनं, गोलाकार, हजारो माणसं बसतील असं क्रीडागार त्यांनी पाहिलं आणि परतल्यावर कोल्हापुरात खासबागेचं कुस्ती मैदान उभं राहिलं. त्याच्याच शेजारी १९१५ मध्ये ‘पॅलेस थिएटर’. म्हणजे इकडे शड्डू आणि तिकडे नाट्यपद! तालमीतल्या पोरांना आणि नाटकवाल्यांना एकाच आवारात आणून बसवणं, मला तरी ही महाराजांची सगळ्यात भारी आयडिया वाटते. कला वरच्या मजल्यावरची आणि कुस्ती खालच्या, असला प्रकारच नाही.

आता केशवराव कोण? १८९० मध्ये कोल्हापुरात जन्मलेला, लहानपणीच नाटक कंपनीत गेलेला पोरगा. ‘शारदा’ नाटकातल्या नायिकेच्या भूमिकेनं तो गाजला. तेव्हा बायकांच्या भूमिका पुरुषच करायचे, त्यामुळे यात नवल काही नव्हतं. नवल पुढे आहे. १९०८ मध्ये हुबळीत त्यानं ‘ललितकलादर्श’ ही स्वतःची नाटक कंपनी काढली, तेव्हा त्याचं वय होतं १७. तुम्ही-आम्ही त्या वयात बारावीचे क्लास करत होतो. स्टार्टअप वगैरे शब्द नंतर आले, राव.

१९२१ च्या जुलैमध्ये मुंबईत ‘संयुक्त मानापमान’ झालं. टिळक स्वराज्य फंडासाठी बालगंधर्व आणि केशवराव, दोन प्रतिस्पर्धी कंपन्यांचे मालक, एकाच स्टेजवर आले. बालगंधर्व भामिनी, केशवराव धैर्यधर. लोक अजून त्या प्रयोगाबद्दल बोलतात. आणि त्याच वर्षी ४ ऑक्टोबरला केशवराव गेले. वय फक्त ३१. त्यांची कंपनी मात्र बापूराव पेंढारकरांनी आणि पुढे भालचंद्र पेंढारकरांनी चालवली. १९५७ मध्ये पॅलेस थिएटरला केशवरावांचं नाव मिळालं.

नंतरची वर्षं थिएटरच्या रोजच्या कामाची. व्यावसायिक नाटकांचे दौरे, राज्य नाट्य स्पर्धेची कोल्हापूर केंद्राची फेरी, गाण्याच्या मैफली. दिवसा नोकरी करून रात्री तालीम करणाऱ्या हौशी कलाकारांसाठी हे हक्काचं स्टेज होतं. एकांकिकेसाठी तुम्ही कधी विंगेत उभे राहिला असाल, तर तिथल्या अंधारात पोटात येणारा गोळा तुम्हाला माहीत आहे. कोल्हापुरात आजोबा, वडील आणि नातू अशा तिघांनाही तो एकाच विंगेत आला असेल. आगीत ती विंगही गेली.

आगीनंतर कोल्हापूरकरांची मागणी एकच होती, होतं तसंच बांधा. दगडी दर्शनी भाग वाचला होता, त्यामुळे ते शक्यही वाटत होतं. पुनर्बांधणीचं काम हातीही घेतलं गेलं. पण मूळ रूप जपायचं आणि आजचे आगीचे नियमही पाळायचे, हे वाटतं तितकं सोपं नाही. शंभर वर्षांपूर्वीच्या थिएटरमध्ये लाकूड, पडदे आणि दिव्यांच्या वायरी किती जवळजवळ असतात, याचा विचार करा. आणि पुढच्या वेळी मोरे प्रेक्षागृहात गेलात की पडदा उघडायच्या आधी एकदा मागे वळून बाहेर पडायचं दार कुठे आहे ते बघा.

कोल्हापूरचा मित्र दिवाळीला घरी बोलावेलच. रंकाळा, महाद्वार, मिसळ झाली की त्याला म्हणा, आता खासबागेत चल. मैदानाच्या पायरीवर बसून तो आपण पाहिलेल्या पहिल्या नाटकाची गोष्ट सांगेल.