तळपायाची खबर मेंदूपर्यंत पोचते का?

इंद्रलोकहून शेअर रिक्षाने भाईंदर स्टेशन गाठायचे आणि लोकलमध्ये उभ्यानेच दादर, चर्चगेटपर्यंत जायचे, हा आपल्यातील कितीतरी बंधू-भगिनींचा रोजचा क्रम. गाडी मध्येच ब्रेक मारते, डबा हेलकावतो, तरी माणूस पडत नाही. एक हात वरच्या कडीला, दुसऱ्यात मोबाईल, आणि पाय आपले काम बिनबोभाट करत असतात. हे काम बिघडले की घरातली आजी मोरीत पडते आणि सगळे म्हणतात, "वय झालं." आमच्या मते वय हे कारण बहुतेक वेळा अर्धेच असते. उरलेले अर्धे तपासता येते, आणि पुष्कळदा सुधारताही येते.

उभे राहणे सोपे वाटते, पण अगदी स्तब्ध उभा असलेला माणूसही किंचित पुढे-मागे डुलत असतो. तो डोल सावरण्यासाठी मेंदूला तीन ठिकाणांहून सतत खबर लागते. पहिली डोळ्यांकडून. दुसरी कानाच्या आतून. तिथे पडद्याच्या पलीकडे द्रवाने भरलेल्या तीन वाकड्या नळ्या असतात. डोके वळले की तो द्रव हलतो आणि डोके कुठे चालले आहे ते कळते. तिसरी खबर तळपायांच्या कातडीकडून, घोट्यांकडून आणि पोटरीच्या स्नायूंकडून येते. गाडीने ब्रेक मारला की शरीर पुढे झुकते, पोटरी ताणली जाते, ती बातमी पाठीच्या कण्यातील मज्जारज्जूमार्गे वर जाते आणि सेकंदाच्या साधारण दहाव्या भागात पोटरी आवळून आपण सावरतो. "आता पडणार" हे मनात येण्याआधीच काम झालेले असते.

मेंदू नुसता सावरत नाही, आधीच तयारीही करतो. पाण्याने भरलेला हंडा उचलताना हात हलण्याआधी पाठ आणि पाय आवळले जातात. भरलेला समजून रिकामा हंडा उचलला तर तो भसकन वर येतो आणि आपला तोल जातो, हा अनुभव प्रत्येक घरात आहे. मेंदूचा अंदाज चुकला, एवढेच. हे अंदाज जुळवण्यात आणि हालचाल नेमकी करण्यात डोक्याच्या मागच्या बाजूला असलेल्या लहान मेंदूचा मोठा वाटा असतो. दारू प्यालेला माणूस झोकांड्या खातो, कारण दारू या लहान मेंदूचे काम बिघडवते.

या तीन खबऱ्यांपैकी तळपायाकडे आपले सर्वांत कमी लक्ष असते. तळपायापासून कंबरेपर्यंत येणारे चेतातंतू शरीरातले सर्वांत लांब, मोठ्या माणसात जवळपास एक मीटर. रक्तातली साखर वर्षानुवर्षे वाढलेली राहिली की पहिला मार या लांब तंतूंच्या टोकांना बसतो. म्हणून मधुमेहात बधिरपणा बोटांपासून सुरू होऊन वर सरकतो, आणि तो बहुधा दोन्ही पायांत असतो. (आपण रक्तवाहिनीलाही नस म्हणतो, चेतातंतूलाही नस म्हणतो आणि पोटरीत गोळा आला तरी "नस चढली" म्हणतो. त्यामुळे डॉक्टरांना "नसेचा त्रास" सांगून भागत नाही. मुंग्या येतात, जळजळते की काहीच लागत नाही, ते नेमके सांगावे.)

परमपूज्य बाबासाहेबांना मधुमेह होता आणि पायांच्या वेदनाही होत्या. चरित्रग्रंथांत त्याला न्यूरायटिस, म्हणजे चेतातंतूंचा दाह, असे म्हटले आहे. वेदनांनी त्यांची झोप उडत असे. मुंबईत डॉ. मालवणकरांकडे उपचार चालू असताना डॉ. शारदा कबीर यांच्याशी परिचय वाढला आणि १५ एप्रिल १९४८ रोजी विवाह होऊन त्या माईसाहेब झाल्या. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला धम्मदीक्षेच्या व्यासपीठावर बाबासाहेब आले ते एका हातात काठी आणि दुसरा हात नानकचंद रत्तू यांच्या खांद्यावर ठेवून. त्यांच्या आजाराचे निदान आज आम्ही करणार नाही. पण आपल्या घरातल्या आजोबांना काठी धरायची लाज वाटत असेल, तर त्यांना हे जरूर सांगा. काठीमुळे जमिनीची खबर हातातूनही मेंदूला मिळते, म्हणून नुसती टेकली तरी तोल सुधारतो.

खबर कमी झाल्याची चिन्हे साधी असतात. गादीवर किंवा कापसावर चालल्यासारखे वाटते. रात्री तळव्यांची आग होते. चप्पल पायातून निसटते आणि चार पावले पुढे गेल्यावर कळते. अंधारात तोल जातो. तोंड धुताना डोळे मिटले की माणूस बेसिनकडे कलंडतो, कारण पायाची खबर आधीच गेलेली असते आणि डोळ्यांचीही बंद होते. डॉक्टर दोन्ही पाय जुळवून डोळे मिटायला लावतात, ती परीक्षा याचसाठी. जर्मन डॉक्टर रोम्बर्ग यांच्या नावाने ती एकोणिसाव्या शतकापासून चालत आली आहे. घरी ती एकट्याने करू नका.

घरी करण्यासारखी तपासणी वेगळी आहे. इंग्लंडमधील इप्सविच गावच्या डॉक्टरांनी ती सुचवली. आजीला आडवे झोपवा, डोळे मिटायला सांगा. दोन्ही पायांचा अंगठा, मधले बोट आणि करंगळी यांच्या टोकांना आपल्या बोटाने एकदोन सेकंद अलगद स्पर्श करा. दाबू नका, टोचू नका. स्पर्श कळला की कोणता पाय ते तिने सांगावे. सहापैकी दोन किंवा अधिक ठिकाणी कळले नाही, तर डॉक्टरांना पाय दाखवायलाच हवेत.

बधिर पायाला दुखत नाही, हाच त्याचा सर्वांत मोठा धोका. गरम पाण्याने, शेकाच्या विटेने भाजते आणि कळत नाही. विहाराच्या तापलेल्या फरशीवर, दीक्षाभूमीला किंवा ६ डिसेंबरला चैत्यभूमीच्या रांगेत आपण अनवाणी उभे राहतो. तळवा बधिर असेल तर तिथून फोड घेऊन घरी येतो, आणि मधुमेहात त्या फोडाची जखम पुढे बोट कापण्यापर्यंत जाऊ शकते. अशांनी स्वच्छ पायमोजे घालून विहारात बसावे. त्यात कोणताही अनादर नाही. रोज रात्री तळपाय आरशात पाहावेत किंवा नातवंडांकडून पाहून घ्यावेत. पाणी पायावर घेण्याआधी कोपराने तपासावे.

पाय बधिर होण्याला फक्त साखरच कारणीभूत नसते. बी-१२ जीवनसत्त्व कमी पडले तरी असेच होते, आणि मेटफॉर्मिन ही मधुमेहाची गोळी बरीच वर्षे घेणाऱ्यांत ते कमी होऊ शकते. गोळी मनाने बंद करू नका, डॉक्टरांना बी-१२ बद्दल विचारा. वर्षानुवर्षांच्या दारूनेही चेतातंतू जळतात. अंगावर फिकट किंवा लालसर चट्टा असून तिथे स्पर्श कळत नसेल, तर कुष्ठरोगाची तपासणी करून घ्या. त्याचे औषध सरकारी दवाखान्यात मोफत मिळते आणि रोग पूर्ण बरा होतो.

कूस बदलताना क्षणभर खोली गरगरते, ती चक्कर बहुधा कानातली असते. ती डोके विशिष्ट क्रमाने वळवून डॉक्टर घालवू शकतात, त्यासाठी मानेला पट्टा बांधून बसू नये. मात्र तोल अचानक गेला, तोंड वाकडे झाले, हात लुळा पडला किंवा बोलणे अडखळले, तर तो पक्षाघात समजून लगेच १०८ ला फोन करा. गुठळी विरघळवण्याचे इंजेक्शन सुरुवातीच्या साडेचार तासांतच देता येते. हळद-तेल चोळण्यात तो वेळ घालवू नका.

तोल सरावाने सुधारतो. ओटा धरून एका पायावर दहा सेकंद उभे राहणे, हात न टेकता खुर्चीतून दहा वेळा उठणे-बसणे, एवढ्यावर सुरुवात होते. इमारतींत धुणीभांडी करणाऱ्या आमच्या भगिनींनी ओल्या फरशीवर अनवाणी काम करण्याऐवजी न घसरणारी रबरी चप्पल मालकिणीकडे मागून घ्यावी. संडासकडे जाणाऱ्या वाटेवर रात्रभर एक छोटा दिवा चालू ठेवावा. विजेचा खर्च किरकोळ आहे.

तपासणीसाठी महापालिकेचे जवळचे आरोग्य केंद्र आहे, भाईंदर पश्चिमेला टेंभ्याचे पंडित भीमसेन जोशी रुग्णालय आहे. साखर तपासली की आपण कागद घेऊन परत निघतो. तसे करू नका. चपला काढा, पाय पुढे करा आणि तळव्याची संवेदना तपासायला सांगा. चालू असलेल्या सगळ्या गोळ्यांची पाकिटे पिशवीत घालून सोबत न्या. झोपेच्या आणि रक्तदाबाच्या काही गोळ्यांनीही उठताना तोल जातो.