चित्रपटाची कात्री : वाल्टर रुटमान

चित्रपटाचें श्रेय प्रेक्षक नटनटींस देतात, फार तर दिग्दर्शकास. फितीचे तुकडे निवडणारा, कापणारा व सांधणारा संकलक बहुधा अज्ञातच राहतो. त्याच्या कलेचें सामर्थ्य केवढें, आणि तिच्यांतला धोका केवढा, हें वाल्टर रुटमान या जर्मन कलावंताच्या चरित्रावरून चांगलें उमगतें.

रुटमानचा जन्म १८८७ सालीं फ्रँकफुर्ट येथें झाला. त्यानें झ्युरिकला वास्तुशास्त्राचा व म्युनिकला चित्रकलेचा अभ्यास केला. पहिल्या महायुद्धांतून परतल्यावर स्थिर चित्रानें त्याचें समाधान होईना. चित्राला संगीताप्रमाणें काळाचा ओघ असावा, असें त्यास वाटूं लागलें. १९२१ सालीं बर्लिनमध्यें दाखविलेल्या ‘ओपस १’ या त्याच्या लघुपटांत माणूस नाहीं कीं गोष्ट नाहीं; केवळ रंगीत आकृति माक्स बुटिंगच्या संगीताबरोबर वाढतात, वळतात आणि विरून जातात.

१९२७ चा ‘बर्लिन : महानगराची सिंफनी’ हा त्याच्या कीर्तीचा कळस होय. कल्पना कार्ल मायरची, छायाचित्रणावर देखरेख कार्ल फ्रॉइंडची, संगीत एडमुंड मायझेलचें, जुळणी रुटमानची. पहाटे आगगाडी शहरांत शिरते, निर्मनुष्य रस्ते दिसतात, मग यंत्रें फिरूं लागतात. दुपारीं सारें मंदावतें आणि रात्रीं दिव्यांचा झगमगाट होतो. निरनिराळ्या दिवशीं टिपलेलीं हीं दृश्यें एकाच दिवसाचीं भासतात, ही संकलनाची किमया.

त्याची रीत अशी : कामावर निघालेल्या मजुरांच्या पायांशेजारीं गुरांचे पाय ठेवावयाचे. त्यांतून उमटणारा अर्थ कोणत्याही एका तुकड्यांत नसतो. तो सांध्यांत असतो. परंतु मजूर गुरांप्रमाणें हांकले जातात असें रुटमानला म्हणावयाचें आहे, कीं पावलांचा ताल तेवढा जुळवावयाचा आहे? टीकाकार सीगफ्रीड क्राकाउअर यानें याच दोषावर बोट ठेवलें : येथें आकृतींचें साम्य आहे, समाजाविषयीं मत मात्र नाहीं.

नभोवाणीच्या इतिहासांतही रुटमानचें स्थान आहे. १९३० सालीं बर्लिन केंद्रावरून त्याची ‘वीकएंड’ ही सुमारें अकरा मिनिटांची कृति ध्वनिक्षेपित झाली. ध्वनिमुद्रिका कापतां येत नाहीं. म्हणून त्यानें बोलपटाच्या फितीवर नुसते आवाज घेतले आणि ते कात्रीनें कापून जोडले. टंकलेखन यंत्र, करवत, कोंबड्याचें आरवणें, चर्चच्या घंटा, मुलांचे बोल : एवढ्यावरून शनिवारची सुट्टी, रविवारची सहल आणि सोमवारचें काम ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढें उभें राहतें. चित्राविना चित्रपट तो हाच.

१९३३ सालीं हिटलरची सत्ता आली. क्राकाउअर देश सोडून गेला. रुटमान राहिला, आणि उद्योगांचे व सरकारी प्रचाराचे पट करूं लागला. १९३५ मध्यें त्यानें पोलादाची महती गाइली, तर १९४० मध्यें रणगाड्यांच्या निर्मितीवर ‘डॉयचे पांत्सर’ हा पट केला. हात तोच होता, यंत्रांची लयही तीच होती. मात्र बर्लिनच्या पटांत मोकळी राहिलेली अर्थाची जागा आतां सत्तेनें भरली होती. १९४१ सालीं बर्लिन येथें तो मृत्यु पावला.

म्हणून वार्तापट पाहतांना प्रेक्षकानें दोन प्रश्न मनाशीं ठेवावे. पडद्यावर काय दिसतें, हा पहिला. आणि तें नेमकें याच दृश्याशेजारीं कां ठेवलें आहे, हा दुसरा.