सावेदादा : कुस्तीकडून बातमीकडे

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा (१८६८–१९५८) यांना भारतीय चित्रपटाच्या इतिहासात फाळक्यांच्या आधीचा एक परिच्छेद मिळतो आणि तो बहुधा कुस्तीतच संपतो. वॉटसन हॉटेलातील १८९६चा ल्युमिएर बंधूंचा खेळ पाहून भारावलेल्या या मुंबईकर छायाचित्रकाराने ब्रॅडफर्डच्या रायली ब्रदर्सकडून २१ गिनींना (एक गिनी म्हणजे २१ शिलिंग) कॅमेरा मागवला, नोव्हेंबर १८९९मध्ये हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या पहिलवानांची कुस्ती टिपली आणि फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवली, हे सर्वश्रुत आहे.

पहिलेपणाचा मान देण्याच्या घाईत एक गोष्ट मात्र निसटते : ही कुस्ती कॅमेऱ्यासाठीच ठरवलेली होती. जागा चित्रणकाराच्या सोयीची, ऊन त्याच्या सोयीचे आणि डाव फसला तर पहिलवान पुन्हा भिडायला हजर. अशा चित्रणाला वृत्तचित्रण म्हणणे म्हणजे शब्द फारच सैल सोडणे होय.

सावेदादांमधला वृत्तचित्रणकार दिसतो तो डिसेंबर १९०१मध्ये. केंब्रिजच्या गणिताच्या ट्रायपॉस परीक्षेत जो सर्वप्रथम येई त्याला ‘सीनियर रँग्लर’ म्हणत आणि १८९९मध्ये हा मान, दुसऱ्या एका विद्यार्थ्यासह विभागून का होईना, कोकणातल्या मुर्डी गावच्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांनी मिळवला होता. राज्यकर्त्यांच्या विद्यापीठात, त्यांच्याच परीक्षेत मिळालेल्या या यशाचे त्या वेळच्या सुशिक्षित समाजाला केवढे अप्रूप वाटले असेल, हे वेगळे सांगायला नको. परांजपे परतले तेव्हा मुंबईत झालेले त्यांचे स्वागत सावेदादांनी चित्रित केले. अशा चालू घडामोडींवरील लघुचित्रणाला पुढे ‘टॉपिकल’ म्हणू लागले आणि भारतीय माणसाने केलेल्या टॉपिकलांत या चित्रणाला अग्रमान दिला जातो.

येथे चित्रणकाराचे काम मुळातच बदलते. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी बसत आणि सेकंदाला साधारण तितक्याच चौकटी पुढे सरकतील अशा बेताने हँडल हाताने फिरवावे लागे. म्हणजे फूटभर फिल्म सेकंदात संपे. उत्सवमूर्ती नेमक्या कोणत्या क्षणी समोर येणार, गर्दी आड येणार की काय आणि हँडल केव्हा सुरू करायचे, याचा अंदाज चुकला तर रँग्लरांना पुन्हा बोटीवर चढा असे सांगण्याची सोय नव्हती. शिवाय विषयाची निवडही बोलकी आहे : कॅमेरा विलायती असला, तरी त्याच्यासमोरचा नायक आपला होता.

त्यानंतर सावेदादांनी एडवर्ड सातव्याच्या राज्यारोहणानिमित्त १९०३मध्ये भरलेला दिल्ली दरबारही टिपला. सम्राट स्वतः आलाच नव्हता, त्याने भावाला पाठवले होते. हत्ती आणि लवाजमा मात्र भरपूर होता. विषय भव्य खरा, पण तेथे ब्रिटिश चित्रणकारही हजर होते. परांजप्यांच्या स्वागताचे वेगळेपण त्याला नाही.

पुढे सावेदादा चित्रपट दाखवण्याच्या धंद्यात स्थिरावले आणि मुंबईच्या गेइटी थिएटरचे व्यवस्थापक झाले. चित्रपट काढण्यापेक्षा दाखवण्यात पैसा आहे, हे त्यांनी फार लवकर ओळखले. त्यांचा कॅमेरा आनंदराव करंदीकर, एस. एन. पाटणकर आणि व्ही. पी. दिवेकर यांच्याकडे गेला आणि त्यांतील पाटणकर पुढे मूकपटांचे दिग्दर्शक म्हणून नावारूपाला आले.