कूपरेजहून शाळेत आलेले सर

२०२५च्या जूनमध्ये, शाळा उघडायच्या आठवड्यात, मध्य मुंबईतल्या एका शाळेने आपल्या फुटबॉल प्रशिक्षकाचा करार पुढे न वाढवण्याचे ठरवले. पंधरा वर्षे ते तिथे होते. आधी फक्त संध्याकाळचे प्रशिक्षक, मग क्रीडा समन्वयक, आणि शेवटची काही वर्षे शाळेच्या सगळ्याच खेळांचा कारभार त्यांच्याकडे होता. मैदान एका खासगी अकादमीला चालवायला दिले आहे, प्रशिक्षक त्यांचेच येतील, एवढे त्यांना तोंडी सांगण्यात आले. निरोप समारंभ झाला नाही. झाला असता तर तिथे मला जे बोलायचे होते ते इथे लिहितो आहे. नाव छापू नका, असे सरांनी बजावले आहे. अजून त्यांना काम शोधायचे आहे.

त्याच वर्षी देशाच्या फुटबॉलचाही पंधरा वर्षांचा एक करार संपला. डिसेंबर २०१०मध्ये अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने आयएमजी-रिलायन्सशी सातशे कोटी रुपयांचा करार केला होता. त्याची मुदत डिसेंबर २०२५मध्ये सरली. पुढे काय हे न ठरल्याने त्याआधी जुलैतच इंडियन सुपर लीगचा पुढचा हंगाम थांबवल्याचे जाहीर झाले आणि वाहिन्यांवर, वर्तमानपत्रांत हळहळ सुरू झाली. ती हळहळ खोटी नव्हती. पण त्या पंधरा वर्षांत मुंबईचे फुटबॉल खरोखर कुणी सांभाळले, याचा हिशेब त्यात कुठेच नव्हता. माझ्या मते ते सरांसारख्या माणसांनी, शाळांच्या मैदानांवर सांभाळले.

जुन्या काळाबद्दल फार लिहीत नाही. रोव्हर्स कपच्या आठवणी काढणारे माझ्याहून वडीलधारे पुष्कळ आहेत. १९५६च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल करणारा नेव्हिल डिसूझा आपल्या मुंबईचा होता आणि १९५८चा रोव्हर्स कप मुंबईच्या कॅल्टेक्सने जिंकला होता, इतके सांगून पुढे जातो. त्यानंतरची बरीच वर्षे बँका, रेल्वे, बंदर आणि एअर इंडियाच्या संघांची. खेळाडू कार्यालयात हजेरी लावायचा, दुपारी सरावाला जायचा, पस्तिशीत बूट काढून पूर्णवेळ कारकून व्हायचा. त्या फुटबॉलमध्ये मला कधी फारसा जीव वाटला नाही. पण त्या व्यवस्थेत एक गोष्ट पक्की होती: खेळ संपल्यावरही महिन्याच्या एक तारखेला पगार होता. व्यावसायिक फुटबॉल आले तेव्हा आपण हीच गोष्ट मोडीत काढली आणि तिच्या जागी दुसरे काही उभे केले नाही.

महिंद्र युनायटेडचा काळ मात्र आम्ही मनापासून जगलो. १९६२मध्ये महिंद्र कंपनीच्या क्रीडा मंडळाचा संघ म्हणून सुरू झालेला हा क्लब नव्या शतकात पूर्ण व्यावसायिक झाला. २००३ आणि २००५चे फेडरेशन कप, २००१ आणि २००८चे ड्युरँड, २००६ आणि २००८च्या आयएफए शील्ड. आणि या सगळ्यांवर कळस म्हणजे २००५-०६चे राष्ट्रीय लीगचे विजेतेपद, डेरिक परेराच्या मार्गदर्शनाखाली. कोलकाता आणि गोव्याच्या संघांना वर्षभराच्या लीगमध्ये मागे टाकणे मुंबईच्या दुसऱ्या कुठल्याही संघाला राष्ट्रीय लीगच्या काळात जमले नाही. यूसिफ याकुबूच्या पायाशी चेंडू आला की कूपरेज मैदानाचा लाकडी स्टँड उभा राहायचा. स्टीव्हन डायस उजव्या बाजूने सुटला की शेजारचा अनोळखी माणूस आपला दंड धरायचा. सर त्याच वर्षांत मुंबईत आणि मुंबईबाहेर व्यावसायिक संघांतून खेळले. मधल्या फळीत, अंगावर घेऊन खेळणारे. बातम्यांत नाव क्वचित यायचे, पण संघाच्या यादीतून ते सहसा गळत नसत. गुडघ्याने दगा दिला तेव्हा तिशी नुकती ओलांडली होती.

मग २०१० आले. २००९-१०चा हंगाम संपला आणि महिंद्रने संघ बंद केला. कंपनीने पैसा आणि लक्ष शालेय मुलांच्या स्पर्धेकडे वळवले, स्कॉटलंडच्या सेल्टिक क्लबची साथ घेतली. त्या निर्णयावर मी तेव्हा संतापलो होतो आणि आजही मला तो पटत नाही. मुलांसाठी स्पर्धा हवीच, पण ज्या संघात जाण्याचे स्वप्न ती मुले पाहणार तो संघच काढून घेतल्यावर त्या स्पर्धेतून पुढे जायचे कुठे? पुढच्या वर्षी पंजाबात जेसीटीचा संघही बंद झाला. २०१३मध्ये परवान्याच्या नियमांवर बोट ठेवून एअर इंडिया आणि ओएनजीसीला राष्ट्रीय लीगच्या जागी आलेल्या आय-लीगबाहेर काढले. मुंबई एफसी आपले घरचे सामने कित्येक हंगाम पुण्यात बालेवाडीला खेळत होता, कारण दोन कोटींच्या या शहरात त्याला मैदान नव्हते. सात वर्षे तो संघ तुटपुंज्या पैशांत तगवून धरणाऱ्या प्रशिक्षक खालिद जमीलची आणि त्याची वाट २०१६मध्ये वेगळी झाली. पुढच्याच हंगामात खालिदने मिझोरामच्या ऐझॉलला आय-लीग जिंकून दिली, आणि त्याच हंगामात मुंबई एफसी तळाला जाऊन कायमचा बंद पडला. आज खालिद भारताचा मुख्य प्रशिक्षक आहे. मुंबईला आपल्या माणसांची किंमत कळत नाही, हे मी नुसते रागाने म्हणत नाही.

या पडझडीत तिशी-पस्तिशीची कितीतरी माणसे रस्त्यावर आली. त्यांना कार्यालयाची नोकरी नव्हती, शिक्षण बहुतेकांचे बारावीपर्यंत. वीस वर्षे रोज दोन वेळा ज्याचा सराव केला तेवढेच हाताशी होते. ती माणसे शाळांत गेली. कुणी ओळखीने, कुणी जुन्या शिक्षकांच्या शब्दावर, कुणी महिना काही हजारांच्या मानधनावर. २०१० ते २०२० हे मुंबईच्या शालेय फुटबॉलचे मी पाहिलेले सर्वांत चांगले दशक, आणि ते असे बंद पडलेल्या संघांच्या पोटातून आले.

सरांचे पहिले वर्ष मला आठवते. मैदान म्हणजे इमारतीमागची लाल माती, एका टोकाला बास्केटबॉलचा गंजलेला खांब, पावसाळ्यात घोटाभर पाणी. सरांनी मुलांना पहिले काही महिने गोलवर चेंडू मारूच दिला नाही. कुंपणाच्या भिंतीवर चेंडू मारायचा, परत आला की अडवायचा, पुन्हा मारायचा. आधी सवयीच्या पायाने, मग दुसऱ्या. पालक वैतागले. ‘मॅच कधी खेळवणार?’ हा प्रश्न दर शनिवारी यायचा. सरांचे उत्तर ठरलेले असे: चेंडू पायाशी थांबायला लागला की. मी कूपरेजवर मोठमोठ्या खेळाडूंचा पहिला स्पर्श सुटताना पाहिला आहे, म्हणून मला ती भिंत कळत होती. दुसऱ्या वर्षी आझाद मैदानावर मुंबई शालेय क्रीडा संघटनेच्या स्पर्धेत ही पोरे चिखलात उतरली तेव्हा समोरचे संघ चेंडूमागे धावत होते आणि आमची पोरे मान वर करून कुणाला द्यायचा ते पाहत होती. हरली ती. पण त्या दिवशी दुसऱ्या शाळांचे तीन प्रशिक्षक, तेही असेच जुने खेळाडू, सरांजवळ येऊन उभे राहिले आणि सामना संपेपर्यंत हलले नाहीत.

त्या वर्षांत आझाद मैदानाची ती रेषेबाहेरची जागा म्हणजे मुंबईच्या जुन्या संघांचे संमेलनच असे. कधीकाळी एकमेकांच्या पोटऱ्या फोडलेली माणसे बारा-चौदा वर्षांच्या मुलांना ‘मागे बघ’, ‘सोड लवकर’, ‘खांदा लाव’ म्हणून ओरडत असायची. सगळेच चांगले प्रशिक्षक होते असे मी म्हणणार नाही. काही नुसते ओरडत, काही मुलांकडून आपल्या अपुऱ्या राहिलेल्या इच्छा पुऱ्या करून घ्यायला बघत. पण जे चांगले होते त्यांनी मुलांना पुस्तकात न सापडणारे शिकवले: दमल्यावर कुठे उभे राहायचे, पंच चुकला तर तोंड कसे मिटायचे, दुखऱ्या पायाबद्दल खरे कधी सांगायचे.

मुलींचा संघ हे सरांचे सर्वांत मोठे काम. २०१३ च्या सुमारास आठवीतल्या काही मुली मैदानाच्या कडेला उभ्या राहून बघत, त्यांना त्यांनी आत घेतले. शाळेत तेव्हा मुलींसाठी लंगडी, थ्रोबॉल आणि वार्षिक संमेलनातली लेझीम होती. घरोघरी जाऊन आयांना समजावणे, सराव संपल्यावर शेवटची मुलगी घरी पोचल्याचा फोन येईपर्यंत फाटकाशी थांबणे, कपडे बदलायला एक बंद खोली मिळवण्यासाठी मुख्याध्यापकांच्या दारात खेटे घालणे. ती खोली मिळायला दोन वर्षे लागली. त्या संघातल्या दोघी पुढे विद्यापीठाकडून खेळल्या, एक आज स्वतः प्रशिक्षक आहे.

आणि कारभार. मैदानावरचा माणूस कारकुनी करायला लागला की त्याचे काय होते हे बघायचे असेल तर जुलै-ऑगस्टमध्ये सरांचे टेबल पाहायला हवे होते. जन्मदाखले, बोनाफाइड, आधारच्या प्रती, ऑनलाइन नोंदणी, जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयाच्या फेऱ्या, सुब्रतो कपच्या जिल्हा फेरीच्या तारखा आणि सहामाही परीक्षेचे वेळापत्रक यांची सांगड, दहावीच्या मुलांचे क्रीडा सवलत गुणांचे प्रस्ताव. वय चोरण्याची कीड शालेय फुटबॉलला जुनीच आहे. एका वर्षी उपांत्य फेरीच्या आदल्या दिवशी आमच्याच बचावपटूच्या दाखल्यावरची तारीख सरांना खटकली. पालकांना बोलावले, खरे वय निघाले, मुलगा बाहेर बसला. सामना हरलो. व्यवस्थापनातल्या एका सदस्याने सरांना सुनावले की समोरच्यांनी हरकत घेतली नव्हती तर तुम्हाला काय पडली होती. सर त्या मुलाला पुढच्या वर्षी वरच्या वयोगटात खेळवायला विसरले नाहीत.

सप्टेंबर २०१७मध्ये सतरा वर्षांखालील विश्वचषकाच्या आधी सरकारने राज्यभर एकाच दिवशी दहा लाख मुलांना फुटबॉल खेळवायचा कार्यक्रम केला. शाळाशाळांना चेंडू वाटले. कोल्हापूरचा अनिकेत जाधव भारताच्या संघात होता, नवी मुंबईत उपांत्य सामना झाला, वातावरण भारलेले होते. सर त्या काळात पहाटे साडेसहाला मैदानावर असत, कारण नवी मुले लोटली होती. मग विश्वचषक संपला, चेंडू फाटले, नवे आले नाहीत. मेट्रो ३च्या कामासाठी आझाद मैदानाचा एक तुकडा पत्र्यांआड गेला. वर्तमानपत्रांतले शालेय निकाल चार ओळींचे झाले आणि पुढे तेही गेले. मुलाचे नाव छापून आलेले कात्रण देव्हाऱ्याशेजारी चिकटवणारी घरे मला माहीत आहेत, त्यांच्याकडून आम्ही ते काढून घेतले. २०२०मध्ये महामारीने मैदाने बंद केली आणि मानधनावरच्या माणसांचे पैसे सर्वांत आधी थांबले.

मूळ दुखणे कायद्यात आहे, ते स्पष्ट लिहायला हवे. २००९च्या शिक्षणहक्क कायद्याच्या परिशिष्टात सहावी ते आठवीसाठी शारीरिक शिक्षणाचा निदेशक हवा असे म्हटले आहे, पण अंशकालीन, आणि तोही पट शंभरावर असेल तर. गणिताला कुणी अंशकालीन म्हणत नाही. त्याशिवाय कायम नेमणुकीसाठी शारीरिक शिक्षणाची पदवी लागते. सरांकडे महासंघाचा प्रशिक्षक परवाना आहे, दशकभर व्यावसायिक संघांतून खेळल्याचा अनुभव आहे, शेकडो मुले घडवल्याचा पुरावा आहे, आणि संचमान्यतेच्या, म्हणजे शाळेच्या मंजूर पदांच्या, तक्त्यात या तिन्हींसाठी रकाना नाही. म्हणून पंधरा वर्षे ते दर अकरा महिन्यांनी नव्याने सही करत राहिले. परवानाधारक माजी खेळाडूला पदवीची अट शिथिल करून घेण्याची, किंवा नोकरीत असताना ती पदवी पुरी करू देण्याची मागणी राज्याच्या फुटबॉल संघटनेने शिक्षण खात्याकडे जोर लावून करायला हवी होती. तो जोर कधी लागलेला मला दिसला नाही. लीगच्या उद्घाटनाला सिनेतारे कोण येणार याची चर्चा मात्र वर्षानुवर्षे ऐकली.

आता त्या मैदानावर हिरवे कृत्रिम गवत आहे. तासाच्या दराने ते भाड्याने जाते, रात्री अकरापर्यंत दिवे असतात. अकादमीचे प्रशिक्षक तरुण आहेत, कष्टाळू आहेत, त्यांच्याशी माझे भांडण नाही. पण अकादमीची तिमाही फी ज्यांना परवडते तीच मुले तिथे शिकतात, आणि शाळेतली निम्मी मुले भाजीवाल्यांची, रिक्षावाल्यांची, घरकाम करणाऱ्या बायांची आहेत. भिंतीवर आता चेंडू मारता येत नाही, तिथे जाहिरातीचा फलक आहे.

सर सध्या आठवड्यातून तीन दिवस वसईला एका शाळेत जातात. मानधन आधीच्या निम्मे, लोकलचा पास स्वतःचा. तिथेही त्यांनी मुलींना आत घेतले आहे. इकडे, त्यांच्या जुन्या शाळेत, ऑगस्टमध्ये स्पर्धेच्या प्रवेशिकांची मुदत संपली. अकादमीचा करार फक्त मैदानापुरता होता आणि कागदपत्रे कुणी करायची हे ठरलेच नव्हते. मुलींच्या संघाची प्रवेशिका त्या वर्षी गेली नाही. नववीतली कर्णधार कार्यालयात विचारायला गेली, तेव्हा खिडकीतल्या बाईंनी तिला सांगितले की हे काम सर बघायचे.