व्यवस्थापक केव्हा नेमावा?

लहान उद्योगात खरेदी, हिशेब, गिऱ्हाइकांशी बोलणे हे सारे मालकच करतो. त्यामुळे खर्च वाचतो आणि धंद्यातील खाचाखोचाही कळतात. मात्र मालक दोन दिवस आजारी पडताच काम अडू लागले, तर व्यवस्थापक नेमण्याची वेळ आली असे समजावे. मागणी असूनही माल वेळेवर पोहोचत नसेल, तर उशीरच झालेला असतो.

१९१० मध्ये लक्ष्मणराव किर्लोस्करांनी आपला नांगरांचा कारखाना बेळगावहून औंध संस्थानातील ओसाड माळावर आणला. त्यांचे मन यंत्रांत रमणारे होते. किर्लोस्करवाडीची आखणी व व्यवस्था रामूअण्णांनी सांभाळली, तर हिशेब मंगेशराव रेगे यांनी. रामूअण्णा शिक्षणात फारसे चमकलेले नव्हते. परंतु व्यवस्था लावण्याची हातोटी त्यांच्यापाशी होती, आणि लक्ष्मणरावांना तीच हवी होती.

अर्थात, पगार परवडला पाहिजे. विक्री केवळ सणासुदीपुरती वाढली असेल, तर हंगामी मदतनीस पुरतो. व्यवस्थापक नेमलाच, तर त्याने कोणते निर्णय स्वतः घ्यावेत आणि किती रकमेपर्यंत खरेदी करावी, हे प्रारंभीच लिहून द्यावे. प्रत्येक बिलावर मालकाचीच सही लागत राहिली, तर काम पूर्वीसारखेच अडते. शिवाय पगाराचा खर्च वाढतो.