क्रेल महायंत्र

क्रेल महायंत्र हे 'फॉरबिडन प्लॅनेट' या १९५६ साली प्रदर्शित झालेल्या अमेरिकन विज्ञानपटातील एक काल्पनिक यंत्र आहे. मनात आलेल्या कल्पनेला प्रत्यक्ष, घनरूप वस्तूचे स्वरूप देणे हे या यंत्राचे कार्य होय. जागेपणीचा विचार आणि झोपेतील स्वप्न यांत हे यंत्र भेद करीत नाही. चित्रपटातील सर्व अनर्थ याच एका उणिवेतून उद्भवतो. मेट्रो-गोल्डविन-मेयर या संस्थेने निर्मिलेल्या या चित्रपटाचे दिग्दर्शन फ्रेड विल्कॉक्स यांनी केले असून पटकथा सिरिल ह्यूम यांची आहे.

रचना

कथेनुसार हे यंत्र अल्टेअर-४ या ग्रहाच्या पोटात आहे. अल्टेअर हा तारा काल्पनिक नाही. भारतीय ज्योतिषात श्रवण नक्षत्र म्हणून ओळखला जाणारा तो हाच तेजस्वी तारा असून पृथ्वीपासून सुमारे १७ प्रकाशवर्षे दूर आहे. त्याभोवतीचा ग्रह आणि तेथील क्रेल ही अतिप्रगत जमात मात्र पटकथाकारांची निर्मिती आहे.

यंत्र घनाकृती असून त्याची प्रत्येक बाजू २० मैलांची, म्हणजे सुमारे ३२ किलोमीटरची आहे. आत ७,८०० मजले असून ऊर्जेसाठी ९,२०० अणुभट्ट्या जोडलेल्या आहेत. क्रेल नष्ट होऊन दोन लाख वर्षे लोटली तरी ते स्वतःची देखभाल स्वतःच करीत अखंड चालू आहे. प्रयोगशाळेच्या भिंतीवर ऊर्जामापकांची रांग असून प्रत्येक मापक आधीच्या मापकाच्या दहापट ऊर्जा दाखवितो. एरवी त्यांतील पहिले एकदोनच मंदपणे उजळतात. एवढ्या प्रचंड ऊर्जेची गरज कोणाला आणि कशासाठी असावी, हे कोडे चित्रपटाच्या अखेरीपर्यंत कायम ठेवले आहे.

कार्यपद्धती

यंत्राला कळ, चक्र किंवा दांडा नाही. ग्रहावरील व्यक्तीच्या मेंदूतून निघणारे विद्युत्-स्पंद ते ग्रहण करते आणि कल्पिलेली वस्तू हव्या त्या ठिकाणी, हव्या त्या आकारात निर्माण करते. हातांनी काम करण्याच्या आणि अवजारांवर अवलंबून राहण्याच्या बंधनातून कायमचे मुक्त व्हावे, ही क्रेलांची आकांक्षा होती. यंत्र सुरू झाले आणि एका रात्रीत संपूर्ण जमात नष्ट झाली.

त्या रात्री काय घडले, हे चित्रपटात दाखविलेले नाही. पण त्याचा उलगडा केला आहे. क्रेल कितीही सुसंस्कृत झाले असले तरी त्यांच्या मनाच्या तळाशी आदिम द्वेष आणि संहाराची वासना शिल्लक होती. झोपेत विवेकाचा पहारा उठला की ती वासना मोकळी होई, आणि यंत्र तिचीही आज्ञा तितक्याच तत्परतेने पाळी. 'मनी वसे ते स्वप्नी दिसे' ही म्हण मराठीत रूढ आहे. क्रेलांच्या बाबतीत स्वप्नी दिसले ते सकाळी दारात उभे राहिले, असे म्हणावे लागेल. कल्पवृक्षाखाली विसावलेल्या वाटसरूच्या मनात वाघाची शंका येते आणि वाघ खरोखरच प्रकट होतो, ही भारतात परिचित असलेली बोधकथाही येथे आठवते. तथापि तो वाटसरू जागा होता. आपण काय चिंतिले हे त्याला ठाऊक तरी होते.

या अबोध शक्तीसाठी चित्रपटात सिग्मंड फ्रॉइड यांची 'इदम्' ही संज्ञा वापरली आहे. फ्रॉइड यांनी १९२३ साली मनाची इदम्, अहम् आणि पराहम् अशी त्रिविध मांडणी केली होती.

कथानकातील स्थान

ग्रहावर आलेल्या पहिल्या मोहिमेपैकी भाषाशास्त्रज्ञ डॉ. मॉर्बियस आणि त्यांची मुलगी अल्टायरा हे दोघेच हयात आहेत. क्रेलांच्या बुद्धिवर्धक उपकरणाचा प्रयोग मॉर्बियस यांनी स्वतःवर केलेला असल्याने त्यांचे मन यंत्राशी जोडले गेले आहे. मात्र याची त्यांना कल्पना नाही. मोहिमेतील सहकारी पृथ्वीवर परतू इच्छीत होते, मॉर्बियस इच्छीत नव्हते. आणि ते सहकारी एका अदृश्य शक्तीकडून एकामागून एक मारले गेले. वीस वर्षांनी शोधासाठी दुसरे यान येते आणि तेच हत्यासत्र पुन्हा सुरू होते.

अदृश्य राक्षसाच्या पावलाचा प्लास्टरचा ठसा यानावरील डॉक्टर तपासतात तो प्रसंग विशेष सूचक आहे. त्या पंजाची ठेवण उत्क्रांतीच्या कोणत्याही नियमात बसत नाही, कारण तो प्राणी कोठे जन्मलेलाच नाही. तो दुःस्वप्नातून घडलेला आहे. पुढे यानावर मोठा हल्ला होतो. विद्युत्-कुंपण आणि किरणास्त्रे यांच्या झोतात राक्षसाची आकृती उमटते, पण तो मरत नाही. त्याच वेळी मॉर्बियस प्रयोगशाळेत मेजावर डोके टेकून झोपलेले असून भिंतीवरील मापक एकामागून एक उजळत आहेत. मुलीच्या किंकाळीने ते दचकून जागे होतात आणि तिकडे राक्षस नाहीसा होतो. संपूर्ण चित्रपटातील हा सर्वांत प्रभावी जोड आहे.

यानाचा कप्तान अ‍ॅडम्स यंत्राचे खरे प्रयोजन मॉर्बियस यांच्यासमोर मांडतो. ज्याने सहकाऱ्यांचा बळी घेतला आणि जो आता स्वतःच्या मुलीवरही चालून येत आहे तो राक्षस आपणच, हे मान्य करणे मॉर्बियस यांना मृत्यूपेक्षा कठीण जाते. रॉबी या यंत्रमानवाला राक्षसाला मारण्याची आज्ञा दिली जाते, तेव्हा तो जागीच थिजतो. कारण माणसाला इजा न करण्याचा नियम त्याच्यात घातलेला आहे आणि समोरचा राक्षस कोण आहे हे त्याने ओळखलेले आहे. अखेर मॉर्बियस सत्य स्वीकारतात. मरता मरता ते यंत्राच्या नाशाची व्यवस्था करतात आणि ग्रहाचा स्फोट होतो.

शेक्सपिअरच्या 'द टेम्पेस्ट' या नाटकाशी कथेचे साम्य समीक्षकांनी वारंवार दाखविले आहे. त्यानुसार मॉर्बियस हे प्रॉस्पेरोच्या, तर राक्षस कॅलिबनच्या जागी येतो.

निर्मिती

यंत्राचा अवाढव्य अंतर्भाग लहान प्रतिकृती आणि रंगविलेली दृश्ये यांच्या साहाय्याने उभा केला. पुलावरून चालणारी ठिपक्याएवढी माणसे पाहून त्याच्या आकाराची कल्पना येते. राक्षसाची आकृती डिस्ने संस्थेतील जोशुआ मीडर यांनी रेखाटली. बीबी आणि लुई बॅरन या दांपत्याने चित्रपटासाठी संपूर्णतः इलेक्ट्रॉनिक ध्वनिसंगीत तयार केले. त्यासाठी ते स्वतः विद्युत्-मंडले जुळवीत आणि ती जळून निकामी होईपर्यंत त्यांतून निघणारे आवाज मुद्रित करीत. क्रेल लोक कसे दिसत असत, हे चित्रपटात कोठेही दाखविलेले नाही. त्यांच्या दारांचा खाली रुंद आणि वर निमुळता आकार एवढीच त्यांच्या देहाची खूण प्रेक्षकाला मिळते.