बांधावरचा पळस व लाखेचें पीक

माघ-फाल्गुनांत पानें झडून केशरी फुलांनीं भरलेला पळस पुष्कळांच्या बांधावर असतो. तथापि पत्रावळीचीं पानें व जळण यांपलीकडे त्याची किंमत कोणी करीत नाहीं. हलक्या, खारवट जमिनींतहि तो तग धरतो. अशी जागा दप्तरांत पोटखराबा म्हणून नोंदली गेली, कीं तींत कांहीं पिकावयाचें नाहीं असें मालकहि समजून चालतो! परंतु लाखेचा किडा ज्यांवर पोसतो त्या मुख्य वृक्षांत पळसाची गणना आहे.

लाख हा झाडाचा चीक नव्हे. सूक्ष्म किडे कोंवळ्या डहाळ्यांतील रस शोषून अंगाभोंवतीं राळेसारखा पदार्थ सोडतात. त्याचा थर म्हणजे लाख. पळस व बोर यांवर 'रंगिणी' जात पोसतात; कुसुंबावरील 'कुसमी' जात निराळी. रंगिणीचीं वर्षांत दोन पिकें होतात. 'कातकी'चें बीज जून-जुलैंत बांधून पीक ऑक्टोबर-नोव्हेंबरांत निघतें. 'बैसाखी'चें तेव्हां बांधून पुढील जून-जुलैंत.

सारें यश छाटणींत आहे. किड्याची सोंड जून सालींत शिरत नाहीं. सबब कातकीकरितां फेब्रुवारींत व बैसाखीकरितां एप्रिलांत छाटून नवी फूट आणावी. अंगठ्याहून जाड फांदीस कोयता लावूं नये. किडे असलेल्या बीजकाड्या कोंवळ्या फांद्यांस लागून बांधाव्या व सुमारें तीन आठवड्यांनीं रित्या काड्या न चुकतां उतरवाव्या. त्यांत लाख खाणाऱ्या अळ्या दडून राहतात व नवें पीक फस्त करितात. या कामीं आळस फार दिसतो.

दुसरी अडचण उन्हाळ्याची. कडक उन्हांत पळसावरील बैसाखीचे किडे पुष्कळ मरतात. त्या भीतीनें, किंवा हप्ता भरावयाचा म्हणून, कित्येक जण एप्रिल-मेमध्येंच अपक्व लाख तोडितात. तिला 'अरी' म्हणतात. पैसा तेव्हांच हातीं येतो खरा, परंतु पिलें बाहेर पडण्यापूर्वींच तोड झाल्यानें पुढचें बीज उरत नाहीं व तें विकत घ्यावें लागतें. म्हणून सावलीचीं, ओलाव्याचीं कांहीं झाडें बीजासाठीं राखून मग बाकीची तोड करावी. सर्व झाडें एकाच हंगामांत लावूं नयेत. निम्म्यांस विसांवा द्यावा.

विदर्भांत गोंदिया व गडचिरोली या भागांत हा धंदा जुना आहे. रांचीजवळ नामकूम येथें १९२४ सालीं लाख-संशोधनाची संस्था निघाली. नवख्यानें प्रथम पांच-सहा झाडेंच घ्यावीं व बीज जवळच्या गांवाहून आणावें. वाटेंत दिवस गेले कीं पिलें काड्यांतून निघून वायां जातात.